या आठवड्याचा जिना कुणाचा

समर्थच्या फिल्ममध्ये एक म्हातारा जिन्यावर बसून एकेक पायरी खाली सरकताना दिसतो. फिल्म संपली की लोक हमखास विचारतात, "तो बिचारा कोण हो?" बिचारा! हेर डेटलेफ्सनना (हेर म्हणजे जर्मनमध्ये श्रीयुत) बिचारा म्हणणाऱ्यानं त्यांच्या समोरच्या दारात सहा वर्षं राहून दाखवावं. मी राहिले आहे. मला विचारा.

समर्थ म्हणजे ध्रुवचा, माझ्या नवऱ्याचा, चुलतभाऊ. पुण्यात साबणाच्या आणि बिल्डरांच्या जाहिराती करून कंटाळला आणि डॉक्युमेंटरीवाला झाला. युद्धात बेचिराख झालेली आणि नंतर पुन्हा बांधलेली युरोपातली बंदरं, हा त्याचा विषय. रॉटरडॅम झालं, ल आव्र झालं, ग्दान्स्क झालं, आणि शेवटी राहायला फुकट जागा आहे म्हणून आमचं कील. कील जर्मनीच्या अगदी वरच्या टोकाला, बाल्टिक समुद्राच्या खाडीवर आहे. युद्धात पाणबुड्या इथंच बनायच्या, म्हणून बॉम्बही इथंच पडायचे. आज बघाल तर सगळीकडे चौकोनी, राखाडी, घाईघाईत बांधलेल्या इमारती. आम्ही राहतो ती मात्र जुनी, युद्धातून वाचलेली. लाकडी जिना, लिफ्ट नाही, तिसऱ्या मजल्यावर समोरासमोर दोन दारं. एक आमचं. दुसरं त्यांचं.

हेर डेटलेफ्सन याच घरात जन्मले. वडील बोटीवर गेले ते परत आलेच नाहीत. आई त्यांना काखोटीला मारून बंकरमध्ये न्यायची आणि सायरन थांबला की परत आणायची. एकदा परत आले तर समोरची अख्खी ओळ गायब, आणि हे घर जसंच्या तसं उभं. चौदाव्या वर्षी ते गोदीत लागले, वेल्डर झाले आणि तिथूनच रिटायर झाले. बायको गेर्डा दहा वर्षांपूर्वी गेली. एक मुलगी, काट्रिन, ती बॉनला मोठ्या हुद्द्यावर. ही माहिती काही त्यांनी मला चहा पाजून सांगितली नाही. भांडता भांडता एकेक तुकडा तोंडातून निसटला, तो मी गोळा केला.

पहिलं भांडण जिन्यावरून. इथं अशी पद्धत आहे की आपल्या मजल्याचा जिना शेजाऱ्यांनी आलटून पालटून धुवायचा. दोरीला बांधलेली एक पुठ्ठ्याची पाटी असते. ज्याचा आठवडा, त्याच्या दाराच्या मुठीला ती लटकते. साफ करून झालं की समोरच्याच्या दाराला अडकवायची. आम्ही राहायला आलो त्याच्या तिसऱ्या दिवशी पाटी माझ्या दाराला! बरं, मी पुण्याची. आमच्यात स्वच्छ म्हणजे पाण्यानं धुतलेलं. फडक्यानं पुसून काढणं याला आम्ही आळस म्हणतो. मी घेतल्या दोन बादल्या, वरून दिल्या ओतून आणि लागले खसाखसा घासायला. पाणी लाकडी पायऱ्यांवरून खळाळत थेट तळमजल्याच्या सायकलींपर्यंत गेलं.

हेर डेटलेफ्सन दार उघडून बाहेर आले. उंच, हाडकुळे, तपकिरी स्वेटर, डोक्यावर गोदीतली निळी टोपी.

"बाई," ते ओरडले, "हे घर आहे. जहाजाचं डेक नाही!"

"घाण होतं," मी म्हटलं. माझं जर्मन तेव्हा तेवढंच होतं.

"शंभर वर्षांत या जिन्याला इंग्रजांचे बॉम्ब बुडवू शकले नाहीत. तुम्ही एका सकाळीत बुडवलात!"

तेव्हापासून आमचं वैर. कुकरच्या शिट्टीवरून वैर, रविवारी वाळत घातलेल्या कपड्यांवरून वैर, कुठल्या डब्यात कुठला कचरा यावरून तर कायमचं. माझी लेक तनया मराठी सगळं समजते पण उत्तर जर्मनमध्ये देते, आणि तेही कुणाच्या बाजूनं? "मामा, त्यांचं बरोबर आहे." (मामा म्हणजे इथल्या भाषेत आई, म्हणजे मी.) घरचा भेदी म्हणतात तो हाच.

एकदा मला जिन्यात गाठून म्हणाले, "तुम्ही मुंबईच्या ना?"

"पुण्याची."

"तेच ते. मी बांधलेलं जहाज तुमच्या मुंबईत नेऊन कापलं. टीव्हीवर दाखवलं. अनवाणी माणसं माझं जहाज कापत होती."

जणू मीच पुण्याहून करवत घेऊन गेले होते! मी म्हटलं, "जुनं झालं असेल." झालं. त्यानंतर महिनाभर त्यांनी माझ्या नमस्काराला नमस्कार केला नाही. तसे आधीही करत नव्हते, पण निदान मान हलायची.

एक मात्र खरं. जिन्याचा लाकडी कठडा ते दर वसंतात स्वतः रंगवायचे. हिरवा. तो रंग म्हणे गोदीतल्या क्रेनचा होता, दुकानात मिळायचा नाही, ते दोन डबे मिसळून करायचे. रंग ओला असताना कुणी हात लावला की खैर नाही. अख्ख्या कीलमध्ये असा पोपटासारखा हिरवा कठडा दुसरा नसेल. डोळ्यांना खुपायचा.

यंदाच्या वसंतात कठडा रंगवला गेला नाही. मला वाटलं, चला, थकली एकदाची खोड. मग त्यांच्या आठवड्याला जिना साफ होईना. वरच्या दोन-तीन पायऱ्या लख्ख आणि खाली धूळ. मी तर हरखलेच. सहा वर्षं ज्या माणसानं मला फडकं कसं पिळायचं ते शिकवलं, तोच आता दांड्या मारतोय! वर काय, त्यांची कचऱ्याची पिशवी अंगणात डब्यांच्या शेजारी, डब्यात नाही. मी खालून मोठ्यानं म्हटलं, "हेर डेटलेफ्सन, डबा इथं आहे!" त्यांनी खिडकी धाडकन लावून घेतली. मला त्या दिवशी दुपारचं जेवण गोड लागलं.

आणि मे महिन्यात समर्थ आला.

आल्या दिवशी हेर डेटलेफ्सन त्याला जिन्याच्या वरच्या टोकाला दिसले. तो वेडाच झाला. "वहिनी, काय चेहरा आहे! गोदी, युद्ध, सगळं एका चेहऱ्यात! मला हाच माणूस पाहिजे."

"नाद सोड," मी म्हटलं. "तो माणूस स्वतःच्या सावलीला फोटो काढू देणार नाही."

ऐकेल तर समर्थ कसला. दार वाजवलं, इंग्रजीत गोड गोड बोलला. आतून उत्तर आलं ते मी माझ्या स्वयंपाकघरात ऐकलं. "पडकी घरं बघायची असतील तर ऐंशी वर्षं उशीर झाला. निघा." मग तीन दिवस समर्थ तोंड पाडून खाडीकाठच्या क्रेन आणि नॉर्वेला जाणाऱ्या पांढऱ्या बोटी टिपत बसला. म्हणायचा, "वहिनी, या शहराला आत्माच नाही." आत्मा नाही म्हणे. माझ्या घरी बसून माझंच थालीपीठ खात.

चौथ्या दिवशी सगळ्यांच्या पत्रपेटीत पत्रक पडलं. मागच्या गल्लीत पाया खोदताना बॉम्ब सापडला होता. युद्धातला, न फुटलेला. असं इथं अधूनमधून होतंच, पेपरात फार मोठी बातमीही येत नाही. रविवारी दुपारी निकामी करणार, तोवर सगळ्या वस्तीनं घरं रिकामी करायची, शाळेच्या हॉलमध्ये बसायची सोय. शेवटचा माणूस बाहेर पडल्याशिवाय बॉम्बवाले कामाला हात लावत नाहीत.

आम्ही सगळे वैतागलो. समर्थ नाचायला लागला. शिंकं तुटलं आणि बोक्याचं फावलं.

रविवारी ध्रुव तनयाला घेऊन पुढं शाळेत गेला. समर्थ खाली दारात कॅमेरा लावून बसला. मी गॅस, खिडक्या बघून बाहेर पडत होते, तर नगरपालिकेची दोन माणसं, पिवळी जाकिटं घातलेली, हेर डेटलेफ्सनच्या दाराची घंटा वाजवत होती. आतून काही नाही. पण घंटा वाजायच्या आधी त्यांचा रेडिओ चालू होता. तो मला रोज ऐकू येतो, भिंत पातळ आहे. घंटा वाजली आणि रेडिओ बंद झाला.

"आत कोणी आहे का?" त्यातल्या बाईनं मला विचारलं.

"मी बघते," मी म्हटलं. का म्हटलं कोण जाणे. ती दोघं वरच्या मजल्यावर गेली.

मी दारावर मूठ आपटली. "मला माहितीय तुम्ही आत आहात!"

साखळी न काढता दार बोटभर उघडलं. "त्यांना सांगा मी मुलीकडे गेलोय."

"खोटं सांगू? आणि फुटला म्हणजे?"

"ऐंशी वर्षांत नाही फुटला."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. "अहो, तुमच्या एकट्यापायी अख्खी वस्ती ताटकळणार! आयुष्यभर मला नियम शिकवलेत आणि आता? चला म्हणते ना!"

दाराच्या फटीतून त्यांचा हात दिसत होता. चौकट घट्ट पकडलेला. मग ते अगदी हळू बोलले. इतक्या हळू बोलताना मी त्यांना कधीच ऐकलं नव्हतं.

"मला जिना उतरता येत नाही. फेब्रुवारीपासून."

मग सगळं बाहेर आलं. गुडघे गेले होते. किराणा दुकानाच्या गाडीनं घरपोच यायचा. कचऱ्याची पिशवी ते खिडकीतून दोरीनं अंगणात सोडायचे, म्हणून ती डब्याच्या बाहेर पडायची. जिना साफ करायचा म्हणजे बसून, हात पोचेल तेवढ्याच पायऱ्या. मुलीला ताकास तूर लागू दिली नव्हती. फोनवर सांगायचे, खाडीवर फिरून आलो.

"तर मग स्ट्रेचर मागवू," मी म्हटलं. "त्यांच्याकडे माणसं असतात."

"नाही! स्ट्रेचर आलं की नाव लिहून घेतील, मुलीला फोन करतील. तिला कळलं की मला हाइममध्ये टाकेल." हाइम म्हणजे वृद्धाश्रम. "मी या घरात जन्मलो. इथून कुठंही जाणार नाही. बॉम्ब फुटू दे."

आता सांगा, काय करायचं? मला त्यांची दया आली का? नाही. मला राग आला. फेब्रुवारीपासून हा माणूस दोन हातांवर, माझ्यापासून एक भिंत सोडून, अडकून पडलाय आणि तरी माझ्या कपड्यांच्या दोरीवरून मला ओरडतोय! म्हटलं, "बसून पायऱ्या पुसता ना? मग बसूनच उतरा. मी पुढं राहते. पडलात तर माझ्यावर पडा, भांडायला आणखी एक कारण मिळेल."

त्यांनी साखळी काढली.

पहिल्या पायरीवर बसायलाच केवढा वेळ लागला. टोपी घातली, स्वेटरची बटणं लावली, हिरवा कठडा एका हातानं पकडला आणि सरकले. मी एक पायरी खाली, पाठ भिंतीला लावून. त्यांचा श्वास घरघरत होता. दुसऱ्या मजल्याच्या वळणावर थांबले आणि खाली बघितलं.

"तो कॅमेरावाला आहे का खाली?"

"आहे."

"फिल्म नाही. मी असा... फिल्म नाही."

"कोणी बघणार नाही," मी म्हटलं. "शब्द देते."

आणि वरूनच मराठीत ओरडले, "समर्थ, कॅमेरा बंद कर! आत्ताच्या आत्ता!"

"वहिनी, अगं, हाच तर शॉट..."

"फोडीन तो कॅमेरा! भिंतीकडे फिरव!"

त्यानं फिरवला. मी डोळ्यांनी बघितलं. मेल्याच्या दुसऱ्या हातात फोन होता, तो मला जिन्याच्या अंधारात दिसला नाही.

शाळेच्या हॉलमध्ये हेर डेटलेफ्सन आमच्यापासून लांब, भिंतीकडच्या खुर्चीवर बसले. चहा कोमट आहे म्हणून स्वयंसेविकेला फैलावर घेतलं. संध्याकाळी बॉम्ब निकामी झाला, टाळ्या वाजल्या, सगळे घरी. वर चढताना उलटे बसून, हातांनी रेटत रेटत. ध्रुव मागं होता. दारात पोचल्यावर मला वाटलं, आता तरी आभार मानतील. मानले असते तर ते डेटलेफ्सन कसले!

"चौथ्या पायरीच्या कोपऱ्यात धूळ आहे," म्हणाले. "आज जवळून बघितली."

दार बंद. मी दात-ओठ खात घरी आले. पण दुसऱ्या दिवसापासून कचऱ्याची पिशवी दाराबाहेर ठेवलेली असायची. मी काही न बोलता ती खाली न्यायची. त्यांच्या आठवड्याला पाटी त्यांच्या दाराला लटकायची, वरच्या तीन पायऱ्या ते पुसायचे आणि बाकीच्या मी, ते झोपल्यावर. सकाळी ते दार उघडून बघायचे आणि म्हणायचे, "फडकं जास्त ओलं होतं." यावर माझं काही म्हणणं नव्हतं. असं वर्षानुवर्षं चाललं असतं.

सप्टेंबरमध्ये समर्थची फिल्म पूर्ण झाली. कीलच्या एका छोट्या थिएटरात दाखवली, नेटवरही टाकली. आम्ही नटूनथटून गेलो. रॉटरडॅम आलं, ल आव्र आलं, समर्थचा आवाज आला, "बंदरं पुन्हा उभी राहतात, माणसं मात्र..." आणि पडद्यावर आमचा जिना. त्यांचा चेहरा धूसर केलेला होता. पण स्वेटर तोच, टोपी तीच, सरकताना घरघरणारा श्वास तोच. आणि कठडा. अख्ख्या पडद्यावर तो पोपटी हिरवा कठडा. लोक हळहळत होते.

बाहेर आल्यावर मी समर्थला सगळ्यांसमोर धुतला. "केसानं गळा कापलास! मी त्या माणसाला शब्द दिला होता!"

"वहिनी, चेहरा ब्लर केलाय. कोण ओळखणार? आणि फिल्मचा सगळा जीव त्या शॉटमध्ये आहे."

"तुझ्या फिल्मचा जीव? आणि त्यांचा?"

ध्रुव म्हणाला, शुभा, लोक बघतायत. बघू देत. त्या दिवसापासून समर्थला माझ्या घराचं दार बंद. दिवाळीला फोन आला, मी घेतला नाही. त्यानं पाठवलेला फराळ मात्र ध्रुवनं गपचूप खाल्ला.

कोण ओळखणार? काट्रिननं ओळखलं. बॉनमध्ये कुणीतरी तिला लिंक पाठवली, बघ, तुझ्या गावावरची फिल्म. लहानपणी दर वसंतात ती त्या कठड्याला हात लावून बापाची बोलणी खायची. ती दुसऱ्याच दिवशी आली. वाईट नाही ती बाई. जिन्यात माझ्यासमोर रडली. "मला म्हणायचे फिरून आलो. रोज म्हणायचे," एवढंच बोलत राहिली. मग डॉक्टर आले, तपासणीवाली बाई आली, आणि दोन आठवड्यांत हेर डेटलेफ्सनना दोन माणसांनी खुर्चीत बसवून खाली नेलं. मी दारात उभी होते. त्यांनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. कठड्याला हात लावायला गेले, पण खुर्ची मधून चालली होती, हात पोचला नाही.

मी तीन रविवार स्वतःला सांगितलं, आपला काय संबंध. चौथ्या रविवारी गेले. हाइम शहराबाहेर आहे, नवं कोरं, सगळं एकाच मजल्यावर. एकही पायरी नाही. खोलीत एक पलंग, एक खुर्ची, आणि खिडकीतून पार्किंग दिसतं. ते पलंगाच्या कडेला बसले होते. टोपी नव्हती. केस कुणीतरी भलत्याच बाजूला विंचरले होते.

मी नमस्कार केला. सफरचंदाचा केक ठेवला. त्यांनी तो बघितला नाही.

"त्याला फिल्म काढायला मी सांगितलं नव्हतं," मी म्हटलं. "मला फसवलं त्यानं."

ते पार्किंगकडे बघतच म्हणाले, "इंग्रजांनी चार वर्षं बॉम्ब टाकले, मला त्या घरातून काढू शकले नाहीत. आता जमिनीतून निघालेल्या बॉम्बनंही नाही काढलं." आणि माझ्याकडे वळले. "तुम्ही काढलंत."

माझ्या डोक्यात तिडीक गेली. मी तुम्हाला वाचवायला गेले, मी तुमचा कचरा उचलला, तुमच्या पायऱ्या पुसल्या! हे सगळं मला म्हणायचं होतं. सहा वर्षांत त्या माणसाशी भांडायला मला कधी शब्द कमी पडला नव्हता. आणि आता काही म्हणता काही सुचेना. डोळे भरून आले म्हणून मी आणखीनच चिडले, आणि त्या चिडीत रोजचं भांडण जे तोंडात बसलं होतं तेच बाहेर पडलं.

"या आठवड्याचा जिना तुमचा आहे!" मी ओरडले. "पाटी तुमच्या दाराला लटकतेय. सगळीकडे धूळ झालीय. मी हातसुद्धा लावणार नाही, सांगून ठेवते!"

खरं होतं ते. रिकाम्या घराच्या दाराला मी अजून दर दुसऱ्या आठवड्याला पाटी लावत होते.

त्यांनी मान वर केली. आल्यापासून पहिल्यांदा मला नीट बघितलं. "माझा?" त्यांनी विचारलं.

"तुमचाच."

"मग बसून कसं चालेल," ते पुटपुटले. आणि पलंगाचा कठडा धरून, वाकून, पायानं चाचपत ते पलंगाखाली बूट शोधायला लागले.